‘आत्ताच नको’ : स्पेनमधल्या स्त्रियांच्या लढ्याची गोष्ट

(मंडळाच्या मासिक व्याख्यानमालेत मार्च महिन्यात दिलेल्या भाषणाचे शब्दांकन)



या जागेवरून आपण आजवर प्राध्यापक, लेखक, कीर्तनकार अशांना ऐकले आहे. मी पडलो डिप्लोमावाला. लोकनिर्माण विभागात उपयंत्री आहे. पुलिया, रस्ते, मोजमाप पुस्तिका हे माझे जग. यंदा बाहेरचे वक्ते न बोलावता सभासदांनीच बोलायचे असे ठरले आणि सचिवांनी माझे नाव लिहून टाकले. विषय ऐकल्यावर मात्र तेच म्हणाले, “अहो, स्पेनच्या बायकांचे आणि तुमचे काय नाते?” तिथूनच सुरुवात करतो.

२० ऑगस्ट २०२३. सिडनीला महिलांच्या फुटबॉल विश्वचषकाचा अंतिम सामना होता. माझी लेक फुटबॉलची वेडी, म्हणून मीही टीव्हीसमोर बसलो. स्पेनने इंग्लंडला १-० हरवले. पदके देताना स्पेनच्या फुटबॉल महासंघाचे अध्यक्ष लुईस रुबियालेस यांनी जेनी एर्मोसो या खेळाडूचे डोके दोन्ही हातांत धरले आणि सगळ्या जगासमोर तिच्या ओठांचे चुंबन घेतले. मी म्हणालो, “आनंदाच्या भरात झालं असेल, एवढं काय त्यात!” लेक माझ्याशी रात्रीपर्यंत बोलली नाही.

पुढच्या काही दिवसांत सगळा स्पेन उठला. ‘से आकाबो’, म्हणजे ‘आता पुरे’, हे शब्द जिथे तिथे दिसू लागले. त्या अध्यक्षांना पद सोडावे लागले. फेब्रुवारी २०२५ मध्ये न्यायालयाने त्यांना दोषी ठरवून १०,८०० युरोंचा दंड केला. मी मनात म्हटले, हा देश एवढा जागा कसा? लेक तेव्हा नुकतीच स्पॅनिश शिकायला लागली होती. ती वाचायची, मला सांगायची, मी वहीत उतरवून घ्यायचो. आणि वाचता वाचता कळले, की याच देशात १९७५ सालापर्यंत लग्न झालेल्या बाईला नवऱ्याच्या परवानगीशिवाय बँकेत खाते उघडता येत नव्हते. १९७५ म्हणजे फार लांबचे नव्हे. इथे बसलेल्या कितीतरी जणांची लग्ने तोवर झालेली होती.

मग हे बदलले कसे, तीच गोष्ट आज सांगणार आहे.

सुरुवात कॉन्सेप्सिओन आरेनाल या बाईपासून करावी लागते. जन्म १८२० चा. तिला कायदा शिकायचा होता आणि विद्यापीठात बायकांना प्रवेश नव्हता. तेव्हा ही पुरुषाचे कपडे घालून माद्रिदला कायद्याच्या वर्गात जाऊन बसू लागली. पुढे एका विद्वत्सभेच्या निबंधस्पर्धेत तिने निबंध पाठवला, तो आपल्या दहा वर्षांच्या मुलाच्या नावाने. बक्षीस मिळाले आणि मग खरे नाव बाहेर आले! आयुष्यभर ती तुरुंगांतल्या माणसांसाठी लिहीत राहिली. काळ लक्षात घ्या. पुण्यात सावित्रीबाई शाळा चालवत होत्या, ताराबाई शिंदे ‘स्त्रीपुरुष तुलना’ लिहीत होत्या, तोच हा काळ. त्यांना एकमेकींची नावेही ठाऊक नव्हती, पण दुखणे एकच होते.

तिच्यानंतरची एमिलिया पार्दो बासान. मोठी कादंबरीकार, जन्म १८५१. स्पेनच्या भाषेची जी सर्वोच्च अकादमी आहे, तिने या बाईला एकदा नव्हे, तीनदा दार बंद केले. कारण एकच, बाई. शेवटी ८ मार्च १९१० रोजी सरकारी आदेश निघाला, की मुलींना विशेष परवानगी न घेता विद्यापीठात नाव घालता येईल. तोपर्यंत ज्या मोजक्या मुली शिकल्या, त्यांना प्रत्येक वेळी वरून मंजुरी आणावी लागे. आपण सरकारी माणसे. फाइल वर पाठवणे म्हणजे काय असते, ते मी तुम्हाला वेगळे सांगायला नको.

याच पिढीतल्या दोघींचा उल्लेख करतो. एक मारिया लेहार्रागा. हिने नाटके लिहिली आणि ती रंगभूमीवर गाजली, पण नावापुढे लेखक म्हणून नवरा. वर्षानुवर्षे टाळ्या त्याने घेतल्या. दुसरी सेनोबिया काम्प्रुबी. हिचे नाव आपण भारतीयांनी तरी विसरू नये. रवींद्रनाथांच्या ‘चंद्रकला’ या बालकवितांच्या पुस्तकाचे भाषांतर तिने १९१५ साली स्पॅनिशमध्ये केले आणि पुढेही रवींद्रनाथांची पुस्तके ती एकामागून एक आणत राहिली. स्पॅनिश बोलणाऱ्या साऱ्या जगाला रवींद्रनाथ ठाऊक झाले ते मुख्यतः या बाईमुळे. १९२६ साली माद्रिदला शिकलेल्या बायकांचा पहिला मोठा क्लब निघाला, त्यातही ती होती. बायकांनी एकत्र बसून व्याख्याने ऐकायची, वाचायचे, चर्चा करायची एवढाच काय तो क्लबचा उद्योग. पण त्यावरही घरे मोडायला निघाल्याची टीका झाली.

आता मुख्य गोष्टीकडे येतो. तिची नायिका क्लारा काम्पोआमोर.

ही माझ्या जवळची वाटते, याचे एक कारण आहे. ती आमच्याच पंगतीतली, म्हणजे शासकीय नोकर. १८८८ साली माद्रिदला जन्म. वडील लवकर गेले. आई शिवणकाम करायची. पोरीने शाळा सोडली, आईच्या हाताखाली राबली, दुकानात काम केले. १९०९ साली परीक्षा देऊन पोस्ट-तार खात्यात लागली. सारागोसाला नेमणूक, मग सान सेबास्तियानला. पुढे दुसरी परीक्षा देऊन माद्रिदला प्रौढांच्या शाळेत टायपिंग आणि लघुलिपी शिकवू लागली. तेवढेच शिकवता येत होते, कारण मॅट्रिकसुद्धा झालेली नव्हती. तिशी उलटल्यावर ही बाई पुन्हा अभ्यासाला बसली आणि ३६ व्या वर्षी, १९२४ मध्ये, वकील झाली. नोकरी करून रात्री परीक्षेचा अभ्यास ज्यांनी केला आहे, त्यांना याचे मोल कळेल.

एप्रिल १९३१ मध्ये स्पेनचा राजा देश सोडून गेला आणि प्रजासत्ताक आले. नवी घटना लिहायला लोकसभा निवडायची होती. नियम मोठा गमतीचा होता. बाईला निवडणुकीला उभे राहता येईल, पण मत देता येणार नाही! त्या निवडणुकीत सुमारे ४७० सभासद निवडून आले. त्यांत बायका दोन, क्लारा काम्पोआमोर आणि विक्टोरिया केन्ट. दोघीही वकील.

१ ऑक्टोबर १९३१. बायकांना मताधिकार द्यायचा की नाही, यावर वादाचा दिवस. त्याआधीच्या चर्चेत एकेक मुद्दे असे निघाले, की आज ऐकून हसू येते. एक डॉक्टर सभासद म्हणाले, बाई भावनेच्या झटक्यावर चालते, तिला विचार नाही. दुसऱ्या एकाने दुरुस्ती सुचवली, की पुरुषाला २३ व्या वर्षी मत द्या आणि बाईला ४५ व्या वर्षी! अशा मुद्द्यांना उत्तर देणे सोपे असते. अवघड होते ते पुढेच.

अवघड मुद्दा मांडला तो दुसऱ्या बाईने. विक्टोरिया केन्ट काही जुनाट विचाराच्या नव्हत्या. त्या तेव्हा देशाच्या तुरुंग खात्याच्या प्रमुख होत्या. कैद्यांच्या साखळदंड-बेड्या त्यांनी काढून टाकायला लावल्या आणि त्या लोखंडातून कॉन्सेप्सिओन आरेनालचा पुतळा करवला. अशा बाई उठून म्हणाल्या, की मताधिकार तत्त्वतः मान्य आहे, पण आत्ताच नको. स्पेनची बाई अजून पाद्र्यांच्या आणि नवऱ्यांच्या सांगण्यात आहे. तिला आज मत दिले, तर ती राजेशाहीच्या बाजूला टाकेल आणि हे कोवळे प्रजासत्ताक बुडेल. शाळा निघू देत, चार वर्षे जाऊ देत, मग बघू. हे बोलताना त्यांना आनंद होत नव्हता. आपण एका आदर्शावर पाणी सोडत आहोत, हे त्यांनी स्वतःच सांगितले.

मंडळी, हा मुद्दा मूर्ख माणसाचा नाही. चांगल्या माणसाचा आहे, म्हणून तो जास्त धोक्याचा. ‘नको’ म्हणणाऱ्याशी भांडता येते. ‘हो, पण आत्ताच नको’ म्हणणाऱ्याशी कसे भांडायचे?

काम्पोआमोर उभ्या राहिल्या. त्यांचा स्वतःचा पक्ष विरोधात होता. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे. स्वातंत्र्य वापरूनच स्वातंत्र्य शिकता येते, आधी शिका मग देऊ असे होत नाही. निरक्षरतेचे म्हणाल, तर बायकांमधली निरक्षरता कमी होत आहे, आकडे बघा. आणि पुरुषांना मत देताना तुम्ही त्यांची परीक्षा घेतली होती काय? शेवटी, मत कोणाला जाईल हे पाहून हक्क द्यायचा असेल, तर त्याला हक्क म्हणू नका.

मतदान झाले. बाजूने १६१, विरोधात १२१. बाकीचे १८८ गैरहजर किंवा तटस्थ. म्हणजे सभागृहातल्या मोठ्या गटाने काहीच केले नाही. ठराव पास झाला, मुख्यतः समाजवादी सभासदांच्या मतांनी, आणि त्यांचाही एक मोठा नेता रागाने सभागृह सोडून गेला. वर्तमानपत्रांनी टर उडवली, की सभागृहात बायका दोन आणि त्या दोघींचेही जमत नाही. पुरुष ४६८ होते आणि त्यांचेही जमत नव्हते, हे कोणी लिहिले नाही.

एवढ्यावर संपले नाही. दोन महिन्यांनी, १ डिसेंबरला, पुन्हा एक दुरुस्ती आली, की बायकांनी लोकसभेसाठी मत देणे पुढे ढकलावे. ती पडली १३१ विरुद्ध १२७ मतांनी. चार मतांचे अंतर! पाच माणसे त्या दिवशी चहाला बाहेर गेली असती, तर स्पेनचा इतिहास वेगळा झाला असता.

१९ नोव्हेंबर १९३३ रोजी स्पेनमधल्या बायकांनी देशाच्या निवडणुकीत प्रथमच मत दिले. आणि झाले काय? उजवे पक्ष जिंकले. काम्पोआमोर हरल्या, केन्टही हरल्या. सगळे काम्पोआमोरवर तुटून पडले, “सांगत होतो ना! हे तुझ्यामुळे!” खरे तर डावे पक्ष आपापसांत फुटले होते आणि त्यांनी वेगवेगळे उमेदवार उभे केले होते. १९३६ साली ते एकत्र आले आणि त्याच बायका मतदार असताना जिंकलेही. पण तेव्हा काम्पोआमोरची माफी कोणी मागितली नाही. डाव्या प्रजासत्ताकवादी पक्षात तिने प्रवेश मागितला, तर तो नाकारला. तिने या सगळ्यावर पुस्तक लिहिले, त्याचे नाव ‘माझे महापाप’. ते पाप म्हणजे बायकांचे मत.

१९३६ च्या जुलैत यादवी युद्ध पेटले. त्या धुमाळीतही बायका स्वस्थ बसल्या नव्हत्या. ‘मुक्त स्त्रिया’ या अर्थाच्या नावाची, अराजकतावादी विचाराच्या कामगार बायकांची संघटना होती, सुमारे २०,००० सभासदांची. तिने साक्षरतेचे वर्ग चालवले, बायकांना हाताला काम शिकवले. फेदेरिका मोन्त्सेनी आरोग्यमंत्री झाल्या, स्पेनच्या पहिल्या महिला मंत्री. पण १९३९ साली जनरल फ्रँको जिंकला आणि सगळे पुसले गेले.

हा भाग नीट ऐका. आपल्याला वाटते, की हक्क एकदा मिळाला की मिळाला. स्पेनमध्ये तसे झाले नाही. १९३२ साली आलेला घटस्फोटाचा कायदा रद्द झाला. १८८९ चा जुना नागरी कायदा पुन्हा लागू झाला. त्यात लिहिलेच होते, की नवऱ्याने बायकोचे रक्षण करावे आणि बायकोने नवऱ्याचे ऐकावे. विवाहित बाईला नोकरी, करारावर सही, पासपोर्ट, वारसा स्वीकारणे, प्रत्येक गोष्टीला नवऱ्याची संमती. अविवाहित मुलगी सज्ञान झाली तरी २५ वर्षांची होईपर्यंत आईबापांचे घर सोडू शकत नसे. अपवाद दोन, लग्न किंवा मठ. पासपोर्ट किंवा गाडीचा परवाना हवा असेल, तर आधी सहा महिने ‘समाजसेवा’ करून प्रमाणपत्र आणायचे. व्यभिचाराचा गुन्हासुद्धा दोन मापांचा. बायकोचे एकदा पाऊल घसरले तरी गुन्हा, नवऱ्याने मात्र दुसरीला घरात आणून ठेवले किंवा उघड बोभाटा केला तरच. जिच्या आईने १९३३ मध्ये मत दिले होते, त्या मुलीला १९५३ मध्ये स्वतःच्या पगाराचे खाते उघडता येत नव्हते. आईपेक्षा लेक मागे गेली.

काम्पोआमोर देशाबाहेर होत्या, अर्जेंटिना, मग स्वित्झर्लंड. परत आल्या असत्या तर तुरुंग होता. ३० एप्रिल १९७२ रोजी लोझानला त्या वारल्या. त्यांची रक्षा मात्र सान सेबास्तियानला आणली, जिथे त्यांनी तारखात्यात नोकरी केली होती.

मग अंधारात काम कोणी केले? इथे एक वेगळी गोष्ट आहे. मेर्सेदेस फॉर्मिका या वकीलबाई विचाराने फ्रँकोच्या गोटातल्याच. नोव्हेंबर १९५३ मध्ये माद्रिदच्या ‘आ बे से’ या मोठ्या वर्तमानपत्रात त्यांनी एक लेख लिहिला. एका बाईला नवऱ्याने अनेक वार करून मरणाच्या दारात नेले होते. ती आधीच वेगळी का झाली नाही? कारण तिला सांगण्यात आले होते, की वेगळी झालीस तर घर जाईल, मुले जातील, सामान जाईल. कायद्याच्या भाषेत ते घर ‘नवऱ्याचे घर’ होते. फॉर्मिकाबाईंनी एवढेच विचारले, की मार खाल्ला हिने, तर घराबाहेर हिनेच का जायचे? लेखाने देश ढवळून निघाला. १९५८ साली नागरी कायद्यातली ६६ कलमे बदलली आणि ‘नवऱ्याचे घर’ या शब्दांच्या जागी ‘दांपत्याचे घर’ आले. दोनच शब्द बदलले. पण मी सरकारी माणूस, कागदावरचा एक शब्द बदलायला किती वर्षे लागतात ते मला माहीत आहे.

त्यांच्यानंतर मारिया तेलो. याही वकील. यांनी वर्षानुवर्षे अर्ज, परिषदा, भेटीगाठी यांचा पिच्छा पुरवला. शेवटी कायदा सुधारणाऱ्या समितीत बायकांना जागा मिळाली. तिथे बसून त्यांनी कलमे लिहिली आणि २ मे १९७५ च्या कायद्याने नवऱ्याची परवानगी व आज्ञाधारकपणाचे कलम, दोन्ही गेली. फ्रँको तेव्हा जिवंत होता, तो सहा महिन्यांनी, २० नोव्हेंबरला गेला. मोर्चे आवश्यक असतातच. पण समितीत बसून, चिकाटीने, स्वल्पविरामासकट मसुदा करणारेही लागतात. हे कोणी सांगत नाही, म्हणून मी सांगतो.

फ्रँको गेल्यावर तीन आठवड्यांच्या आत, डिसेंबर १९७५ मध्ये, बायकांनी माद्रिदला चोरून परिषद भरवली, कारण उघड सभा अजून बेकायदाच होती. मग धरणाचे दार उघडावे तसे झाले. १९७८ साली व्यभिचार हा गुन्हा राहिला नाही, संततिनियमनाची साधने कायदेशीर झाली, नव्या घटनेत स्त्री-पुरुष समान आले. १९८१ साली घटस्फोट परत आला आणि मुलांवर आईबापांचा सारखा अधिकार आला. १९३१ मध्ये जे होते, तिथे परत यायला ५० वर्षे लागली.

कायदा झाला म्हणजे घरातले सगळे बदलले असेही नाही. ग्रानादाजवळच्या आना ओरान्तेस या ६० वर्षांच्या बाई ४ डिसेंबर १९९७ रोजी टीव्हीवर आल्या. चाळीस वर्षे खाल्लेल्या माराची हकिगत त्यांनी शांतपणे सांगितली. घटस्फोट झाला होता, पण न्यायालयाने घर वाटून दिले होते, वर ही आणि खाली तो. तेरा दिवसांनी त्याने तिला जाळून मारले. तो कार्यक्रम लाखो घरांत पाहिला गेला होता. ‘घरची भांडणे’ हे शब्द त्यानंतर स्पेनमध्ये पहिल्यासारखे उच्चारता येईनात. २००३ पासून सरकार अशा मृत्यूंची अधिकृत मोजणी करते. डिसेंबर २००४ मध्ये स्त्रियांवरील हिंसाचाराविरुद्ध स्वतंत्र कायदा झाला आणि लोकसभेत तो एकमताने झाला. एकही विरोधी मत नाही. कुठे १६१-१२१ आणि कुठे हे!

८ मार्च २०१८ रोजी बायकांचा देशव्यापी संप झाला. कामगार संघटनांच्या हिशेबाने ५० लाखांहून अधिक लोक त्यात उतरले. संप फक्त कचेरीचा नव्हता, स्वयंपाकघराचाही होता. बायकांनी आपले एप्रन बाल्कन्यांत टांगले. म्हणजे आज हे काम दुसऱ्या कोणी करावे! म्हणून २०२३ साली त्या व्यासपीठावर जे झाले, ते सगळ्यांना लगेच कळले आणि मला कळले नाही. त्यांच्यामागे शंभर वर्षांची शिकवणी होती.

स्पेनमध्ये आज सगळे आलबेल आहे असे नाही. बायका अजून मारल्या जातात. २०२२ मध्ये संमतीबद्दल नवा कायदा केला, तो लिहिताना चूक राहिली, काही गुन्हेगारांच्या शिक्षा उलट कमी झाल्या आणि पुढच्याच वर्षी तो दुरुस्त करावा लागला. पण करून, चुकून, दुरुस्त करणे हेही लोकशाहीचेच काम.

आता थोडे घरचे.

आपल्या देशात बायकांना मत मिळाले ते पहिल्याच सार्वत्रिक निवडणुकीपासून, सरसकट. आपल्या घटनाकारांनी ‘आत्ताच नको’ म्हटले नाही, ही केवढी मोठी गोष्ट, हे मला स्पेन वाचल्यावर समजले. तरीही १९५१-५२ च्या त्या निवडणुकीत सुमारे २८ लाख बायकांची नावे यादीतून वगळावी लागली. का? तर त्यांनी स्वतःचे नाव सांगितलेच नाही, अमक्याची बायको, तमक्याची आई एवढेच सांगितले. मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी सांगितले, की नाव नाही तर नोंद नाही. अशी नावे जास्त कुठे होती? बिहार, उत्तर प्रदेश, राजस्थान, विंध्य प्रदेश आणि आपला मध्य भारत. म्हणजे हेच आपले इंदूर ज्या राज्यात होते ते.

आमच्या घरी सांगतात, की यादी करणारा कारकून दारात आला, तेव्हा आजोबा ओसरीवर होते. घरात कोण कोण, असे विचारल्यावर त्यांनी स्वतःचे नाव सांगितले आणि आत हात करून म्हणाले, “आणि ही आमची मंडळी.” कारकुनाने तसेच लिहिले असणार. पहिल्या निवडणुकीत आजीचे मत नव्हते. मी स्वतः चार निवडणुकांत मतदान केंद्राचा पीठासीन अधिकारी होतो. रांगेत बायका उभ्या असतात, एकेकीचे पूर्ण नाव वाचले जाते, बोटाला शाई लागते. मला दरवेळी आजी आठवते.

आणि शेवटी आपले हे मंडळ. आपल्या नियमावलीत सभासदत्व कुटुंबाचे आहे आणि मत एकच, कुटुंबप्रमुखाचे. महाप्रसादाचा स्वयंपाक, अथर्वशीर्षाची आवर्तने, भोंडला, वर्गणीच्या पावत्या, हे सगळे ज्या करतात, त्यांतल्या बहुतेकींना मत नाही. तीन वर्षांपूर्वीच्या वार्षिक सभेत प्रस्ताव आला होता, की प्रत्येक सज्ञान सभासदाला मत द्यावे. कोणीही विरोध केला नाही. सगळे म्हणाले, विचार चांगला आहे. मग एक सूचना आली, की इमारतीचे काम चालू आहे, आत्ताच नको, पुढे बघू. हात वर झाले.

त्या हातांत माझाही एक होता. कोणाला दोष देत नाही, मी माझे सांगतो. तेव्हा मला ते शहाणपणाचे वाटले होते. विक्टोरिया केन्टबाईंनाही वाटले होतेच. फरक एवढाच, की त्यांच्यासमोर एक देश बुडण्याची भीती होती आणि माझ्यासमोर फक्त सभा लांबण्याची.

माद्रिदच्या एका मोठ्या रेल्वे स्थानकाला आता क्लारा काम्पोआमोर यांचे नाव दिलेले आहे. ज्या बाईला जिवंतपणी देशात परत येऊन राहता आले नाही, तिचे नाव आता तिथे प्रवाशांच्या तिकिटावर छापले जाते. लेकीने मला फोटो दाखवला.

गणेशोत्सवानंतर आपली वार्षिक सभा आहे. तो प्रस्ताव पुन्हा मांडावा, असे लेखी पत्र मी सचिवांकडे दिले आहे. त्यावर सही माझी आहे आणि सौ.चीही आहे. तिच्या सहीचा नियमात उपयोग नाही असे सचिव म्हणाले. मी म्हटले, असू द्या, फाइलला लावून ठेवा.